माझ्या गोळ्या फिल्ममधून कुठे गेल्या?

पत्र

ताई,

बारा वर्षांपूर्वी मला फुप्फुसाचा टीबी झाला होता. तेव्हा मी सव्वीस वर्षांची होते. सहा महिने औषधं घेतली आणि पूर्ण बरी झाले. आमचं घर श्रद्धाळू. त्या काळात मी रोज पहाटे प्रार्थनेला बसत असे आणि त्याचा मला फार आधार होता. नंतर आमच्या पंथावर एक माहितीपट निघाला. दिग्दर्शकांनी माझी मुलाखत घेतली, दीड तास. मी सगळं सांगितलं: गोळ्या, मळमळ, औषधाने लघवी नारिंगी व्हायची त्याची भीतीसुद्धा. फिल्ममध्ये माझं जे आलं ते असं: "डॉक्टर म्हणाले, सहा महिने लागतील. मी पहाटे प्रार्थनेला बसायला लागले. आणि एक दिवस खोकला थांबला." मध्येच दिव्याची ज्योत दिसते आणि मागे माझा आवाज चालू राहतो. गोळ्यांचा एक शब्दही नाही.

पाच वर्षांनी दुसरी फिल्म आली. तीत जुनी क्लिप मला न विचारता वापरली आणि माझं नवीन दृश्यही घेतलं. दवाखान्याच्या जिन्यात मला प्रार्थना करायला लावली. तीनदा केली. तिसऱ्यांदा रडू आलं, तेच त्यांनी ठेवलं. ते रडू खरं होतं की नाही, मला आजही सांगता येत नाही.

आता तिसऱ्या फिल्मसाठी विचारणा झाली आहे. यात त्यांना माझी नऊ वर्षांची मुलगीही हवी आहे, 'दुसरी पिढी' म्हणून. इकडे माझी श्रद्धा आहे, पण ती आधीसारखी राहिलेली नाही. लोक भेटतात आणि माझ्यात त्या सव्वीस वर्षांच्या मुलीला शोधतात. पंथातली मंडळी म्हणतात, आता काही बोललीस तर लोकांच्या श्रद्धेला धक्का बसेल. बाबा घरी येणाऱ्या प्रत्येकाला ती क्लिप दाखवतात.

अकरा दिवसांपूर्वी एका बाईंचा मेसेज आला. त्यांच्या मुलाला टीबी आहे. दोन महिन्यांनी त्याला बरं वाटलं म्हणून औषधं बंद केली आहेत आणि 'तुम्ही कुठली प्रार्थना करत होतात' असं त्या विचारत आहेत. मी अजून उत्तर दिलेलं नाही. काय करू?

उत्तर

तुमचं पत्र मिळालं त्याच संध्याकाळी मी तुम्हाला एकच गोष्ट कळवली होती: बाकी सगळं राहू द्या, त्या आईला आत्ता उत्तर पाठवा. तुम्ही पाठवलंत, बरं वाटलं. तसा मेसेज आणखी कुणाकुणाच्या फोनमध्ये पडून असेल, म्हणून तो मजकूर इथे पुन्हा देते.

"ताई, मी सहा महिने रोज औषध घेतलं, एक दिवसही न चुकवता. त्याने मी बरी झाले. प्रार्थनेने मला धीर दिला, पण औषध मी कधी सोडलं नाही. फिल्ममध्ये ते दाखवलेलं नाही. मुलाला उद्याच त्याच्या डॉक्टरांकडे न्या, आधीचे सगळे कागद आणि उरलेल्या गोळ्या सोबत घ्या, आणि औषध कधीपासून बंद आहे ते खरं सांगा. उरलेल्या गोळ्या मनाने पुन्हा सुरू करू नका. पुढे काय द्यायचं ते डॉक्टर तपासून ठरवतील."

एवढंच. प्रार्थना कुठली, हे त्यात लिहायचं नाही. ते तुम्ही लिहिलंत तर बाकीचा मजकूर वाचलाच जाणार नाही.

टीबीचं दुखणं मोठं फसवं आहे. नेहमीच्या टीबीला पहिले दोन महिने चार औषधं आणि पुढचे चार महिने त्यांतली कमी, असा सहा महिन्यांचा उपचार असतो. पण खोकला, ताप, भूक, वजन हे सगळं पहिल्या काही आठवड्यांतच सुधारायला लागतं. माणसाला वाटतं, झालं. जंतू मात्र शरीरात शिल्लक असतात. औषध मध्येच सुटलं तर आजार उलटतो, आणि त्याच औषधांना दाद न देणारा होऊन उलटण्याचा धोका असतो. मग उपचार लांबतो आणि जास्त त्रासाचा होतो. आता तुमचं पडद्यावरचं वाक्य पुन्हा वाचा: "आणि एक दिवस खोकला थांबला." ज्या टप्प्यावर लोक गोळ्या सोडतात, नेमक्या त्याच टप्प्यावर तुमची गोष्ट फिल्ममध्ये संपते. त्या मुलाच्या आईने काही चुकीचं ऐकलं नाही. तिला जे ऐकवलं गेलं तेच तिने ऐकलं.

तुमच्या गोळ्या कुठे गेल्या ते मी सांगू शकते, कारण हे सदर लिहायला लागण्याआधी मी बरीच वर्षं माहितीपटांच्या एडिटिंगचं काम करत होते. त्या ज्योतीच्या खाली गेल्या. मुलाखत कापली की चित्र उडी मारतं: मान एका बाजूला असते ती एकदम दुसऱ्या बाजूला दिसते. ते प्रेक्षकाच्या लक्षात येऊ नये म्हणून तिथे दुसरं काहीतरी ठेवतात. हात, जपमाळ, खिडकी, ज्योत. आवाज सलग वाटतो, म्हणून माणूसही सलग बोलला असं वाटतं. मुलाखत संपल्यावर तुम्हाला अर्धा मिनिट गप्प बसवलं होतं का, आठवून बघा. तेव्हा त्या खोलीचा नुसता आवाज घेतात, पंख्याची घरघर, बाहेरची वाहनं. पुढे दोन वाक्यं जोडली की मधल्या फटीत तो आवाज भरतात. 'सहा महिने लागतील' आणि 'मी प्रार्थनेला बसायला लागले' या दोन वाक्यांमध्ये तुम्ही कदाचित दहा मिनिटं बोलला असाल.

यात दर वेळी कुणाचा कावा असतोच असं नाही. दीड तासाचं दीड मिनिट करायचं असतं, फिल्मचा विषय श्रद्धा असतो, आणि एडिट करणाऱ्याला गोळ्या विषयाबाहेरच्या वाटतात. हे मी स्वतः केलेलं आहे. एका तीर्थयात्रेवरच्या फिल्ममध्ये एक म्हातारे गृहस्थ होते. त्यांनी मुलाखतीत सांगितलं होतं, "मुलाने पैसे पाठवले, म्हणून या वयात येता आलं." मी ते वाक्य काढलं. त्यांचा चालतानाचा शॉट आणि "बोलावणं आलं की निघायचं" हे वाक्य एवढंच ठेवलं, कारण ते फार सुंदर बसत होतं. पहिल्या खेळाला ते आले होते. दिवे लागल्यावर मला शोधत आले आणि म्हणाले, "माझ्या मुलाचं नाव कुठे गेलं?" रागावले नव्हते. ते नाव खरंच कुठेतरी असेल आणि मी काढून दाखवेन, असं त्यांना वाटत होतं. फिल्म पुढे अनेक ठिकाणी लागली. मी ते वाक्य परत घातलं नाही. घालायला हवं होतं. तेव्हा तुम्हाला जे सांगते आहे ते या बाजूला बसलेल्या माणसाचं सांगणं आहे, असं समजा.

आता त्या जिन्यातल्या रडण्याचं. शंभर वर्षांपूर्वी लेव्ह कुलेशोव्ह नावाच्या रशियन दिग्दर्शकाने एक प्रयोग केला, तो सिनेमा शिकणाऱ्या प्रत्येकाला सांगितला जातो. एका नटाचा तोच, फारसे भाव नसलेला चेहरा त्याने एकदा सुपाच्या वाडग्याला जोडला आणि एकदा शवपेटीला. लोकांना एकदा चेहऱ्यावर भूक दिसली, एकदा दुःख. चेहरा बदललेलाच नव्हता. तुमचं रडू तर खऱ्या डोळ्यांतलं होतं. तुम्ही त्या जिन्यात पुन्हा उभ्या राहिलात, जिथे कधीकाळी रिपोर्टची वाट बघत उभ्या असाल. दोनदा उरकून नेलंत, तिसऱ्यांदा ती जागा अंगावर आली. यात खोटं काय? खोटेपणा झाला असेल तर तो हे दृश्य नव्याने करवून घेतलं आहे असं न सांगण्यात आहे, आणि त्याची जबाबदारी तुमची नाही. पुन्हा करून दाखवायला लावणं या माध्यमाइतकंच जुनं आहे. 1922 च्या 'नानूक ऑफ द नॉर्थ' या माहितीपटात कॅनडाच्या उत्तरेकडच्या बर्फाळ भागातल्या इन्युइट शिकाऱ्यांना बंदुका बाजूला ठेवून जुन्या भाल्यांनी शिकार करायला लावली होती, आणि बर्फाच्या घरात कॅमेऱ्याला उजेड मिळावा म्हणून अर्धंच घर बांधलं होतं. नानूकची भूमिका करणाऱ्या माणसाचं नावही नानूक नव्हतं. तेव्हा त्या तिसऱ्या टेकचं ओझं उतरवून ठेवा. ते पुरावा म्हणून वापरलं जात असेल तर मात्र 'हे दृश्य नंतर करून घेतलं' एवढं तुम्ही म्हणू शकता, म्हणावं.

आणि ती सव्वीस वर्षांची मुलगी. पडद्यावरचं माणूस वाढत नाही. तुम्ही अडतीसच्या झालात, तुमची प्रार्थना कमी बोलकी झाली असेल, शंका आल्या असतील, काही दिवस ती होतही नसेल. याचा खुलासा तुम्ही कुणालाही देणं लागत नाही. तिने त्या दिवशी जे सांगितलं ते त्या दिवसापुरतं मनापासून होतं. कुणी भेटून म्हणालं, "तुमची फिल्म बघून फार बळ मिळालं," तर "बरं वाटलं ऐकून" म्हणावं आणि पुढे जावं. श्रद्धा कुठवर आली याचा हिशेब मागण्याचा हक्क त्या फिल्मने कुणाला दिलेला नाही.

पण गोळ्यांचं तसं नाही. तिथे दुसऱ्याच्या जिवाचा प्रश्न आहे, आणि तिथे गप्प बसायची मुभा मी तुम्हाला देणार नाही. तुमच्या पत्रात पाच-सहा प्रश्न एकमेकांत गुंतले आहेत: श्रद्धा, बाबा, पंथ, रडू, मुलगी, नवी फिल्म. मला त्यातला एकच तातडीचा दिसतो. तुमच्या तोंडून निघालेली आणि नंतर काढून टाकलेली ती औषधं तुमच्याच तोंडून परत यायला हवीत, आणि नव्या फिल्मचा विषय निघण्याआधी.

श्रद्धेला धक्का बसेल म्हणणाऱ्यांना काय सांगायचं? त्यांच्याशी वाद घालू नका, पण एक उदाहरण हाताशी ठेवा. फ्रान्समधलं लूर्द हे कॅथलिक लोकांचं मोठं तीर्थ. 1858 मध्ये तिथे एका मुलीला मेरीमातेचं दर्शन झालं असं मानतात, आणि तेव्हापासून आजारी माणसं तिथे येतात. चमत्काराने बरं झाल्याचे दावे इतके होऊ लागले की 1883 मध्ये तिथे डॉक्टरांचं कार्यालयच उघडलं. बरं झालो असं सांगणारा माणूस आला की आधी आजाराचं निदान, आधीचे रिपोर्ट आणि घेतलेले उपचार पाहतात. उपचाराने बरा झाला असेल तर तो चमत्कार धरत नाहीत. आलेले दावे हजारोंनी आहेत. इतक्या वर्षांत चर्चने मान्य केलेले जेमतेम सत्तरच्या आसपास. म्हणजे चमत्कारावर ज्यांचा पुरा विश्वास आहे, तेच लोक औषधाचे कागद सगळ्यात आधी मागतात. औषधाचा उल्लेख केल्याने श्रद्धा कमी होते असं त्यांना वाटत नाही, मग आपल्या मंडळींना का वाटावं? आणि तुम्ही देवाविरुद्ध काहीच बोलणार नाही आहात. तुम्ही पहाटे उठून प्रार्थना केली आणि मळमळ होत असताना गोळ्याही गिळल्या. दोन्ही एकाच बाईने केलं.

आता करायचं काय ते सांगते.

पहिल्या फिल्मच्या दिग्दर्शकांना पत्र लिहा, फोन नको. ईमेलवर, म्हणजे तारीख राहते. फिल्ममधलं तुमचं बोलणं कितव्या मिनिटाला आहे ते लिहा, शब्द जसेच्या तसे लिहा, आणि त्याखाली मुलाखतीत तुम्ही औषधाबद्दल काय सांगितलं होतं ते लिहा. मुलाखतीचं मूळ फुटेज, ज्याला आम्ही रशेस म्हणतो, त्यातला तुमचा भाग किंवा निदान त्याचा लिहून काढलेला मजकूर मागा. मिळेलच असं नाही, बारा वर्षांत हार्डडिस्क बंद पडतात. पण मागितल्याची नोंद राहते. त्या आईचा मेसेज नाव-नंबर झाकून जोडा. हे महत्त्वाचं आहे. 'मला वाईट वाटलं' यावर दिग्दर्शक चार समजुतीचे शब्द बोलतील. 'एका मुलाचं औषध थांबलं' हे वाचल्यावर बहुतेक माणसं हलतात. मीसुद्धा हलले असते, असं मला वाटतं.

मागणी मोजकी ठेवा. तुमच्या दृश्याआधी किंवा त्याच वेळी पडद्यावर एक ओळ यावी: 'यांनी या काळात टीबीचा पूर्ण सहा महिन्यांचा उपचार घेतला होता.' फिल्म यूट्यूबवर असेल तर तिथे टाकलेली फाइल त्याच लिंकवर बदलता येत नाही, ही अडचण खरी आहे. पण खालच्या वर्णनात पहिल्या ओळीला हे घालता येतं, कॉमेंट पिन करता येते, ते दृश्य छाटताही येतं, किंवा दुरुस्त फिल्म नव्याने चढवता येते. शेवटची मागणी अशी की ती क्लिप सुटी काढून कुणाला वापरायला देऊ नये. दुसऱ्या फिल्मवाल्यांनाही हेच पत्र, जुनी क्लिप त्यांनी कुठल्या परवानगीने घेतली या प्रश्नासकट.

त्या प्रश्नाचं उत्तर बहुधा तुम्ही सही केलेल्या कागदात आहे. शूटिंगच्या दिवशी, केस विंचरत असताना किंवा कॉलरला माइक लावत असताना एक संमतिपत्र पुढे येतं. तुम्ही ते वाचलं नसणार, कुणीच वाचत नाही. त्यात साधारण असं असतं: चित्रित केलेलं सगळं निर्मात्याच्या मालकीचं, ते जगात कुठेही, कोणत्याही माध्यमात, कायमचं वापरता येईल, त्यात हवी तशी काटछाट करता येईल, दुसऱ्याला देता येईल. फुटेजचा कॉपीराइट सहसा निर्मात्याकडेच असतो, बोलणाऱ्याकडे नाही. म्हणून प्रत मागवा आणि वाचा. त्यांनी दाद दिलीच नाही तर वकिलाला दाखवा. बोलण्याचा अर्थ उलटा होईल अशी काटछाट आणि नुसतं लांबी कमी करणं यांत फरक करता येतो, पण तो तुमच्याकडे कायद्यात कसा बसतो ते वकीलच सांगतील. मात्र वकिलापासून सुरुवात करू नका. पहिलं पत्र माणसाने माणसाला लिहिलेलं असू द्या.

त्यांच्या उत्तराची वाट बघत बसायचं नाही. तुमचा स्वतःचा दोन मिनिटांचा व्हिडिओ करा. फोनवर, दिवसाउजेडी, खिडकीकडे तोंड करून. मागे संगीत नको, देवाचा फोटो मुद्दाम आणूही नका आणि असेल तर काढूही नका. पहिल्याच वाक्यात मुद्दा यायला हवा, कारण लोक दहा सेकंदांत पुढे सरकवतात. आणि एडिटिंग केलेल्या माणसाची एक युक्ती: औषध आणि प्रार्थना एकाच श्वासात, एकाच वाक्यात बोला, मध्ये थांबू नका. "सहा महिने रोज गोळ्या घेत असताना मी रोज पहाटे प्रार्थनेलाही बसत होते आणि टीबी त्या औषधांनी बरा झाला." कापणाऱ्याला श्वासाची जागा लागते. तुम्ही पूर्णविराम दिलात की तिथे कात्री शिरते. तुमच्या मूळ मुलाखतीत गोळ्या एका वाक्यात आणि प्रार्थना दुसऱ्या वाक्यात होती, म्हणून ती इतक्या सहज वेगळी झाली. फिल्मवाल्यांवर राग काढू नका, त्यांचं नावही घेऊ नका. फिल्ममध्ये वेळेअभावी जे आलं नाही ते मी सांगते आहे, एवढंच म्हणा. ज्यांनी ती क्लिप प्रेमाने पुढे पाठवली तेच लोक मग हा व्हिडिओही पाठवतील. चिडून बोललात तर नाही पाठवणार.

तिसरी फिल्म करायची का? तुम्हाला करावीशी वाटली तर करा. तुम्ही पडद्यावर यायलाच नको होतं असं मला मुळीच वाटत नाही. आजारपणात माणसाला श्रद्धा कशी धरून ठेवते हे सांगणारी माणसं हवीतच, आणि अडतीसाव्या वर्षी, थोड्या शंकांसकट, तुम्ही ते पहिल्यापेक्षा चांगलं सांगाल. पण या वेळी कागद आधी. आठवडाभर आधी घरी मागवा. त्यात दोन ओळी घालून घ्या: आजाराबद्दलचं माझं बोलणं उपचाराच्या उल्लेखाशिवाय वापरता येणार नाही, आणि हे चित्रण या एका फिल्मपुरतंच, पुढच्या कुठल्याही वापरासाठी पुन्हा विचारावं लागेल. तुमचा भाग पूर्ण फिल्म बाहेर जाण्याआधी बघायला मिळावा असंही म्हणा. संपादनाचा शेवटचा शब्द बहुतेक दिग्दर्शक सोडत नाहीत, पण चुकीची माहिती दाखवून द्यायची संधी देतात. पहिल्या दोन ओळी नाकारल्या तर तुम्हाला उत्तर मिळालंच.

घाई करू नका, कितीही तारखा दिल्या तरी. फिलिप ग्रोनिंग या जर्मन दिग्दर्शकाने 1984 मध्ये फ्रेंच आल्प्समधल्या ग्रांद शार्त्रूज या मठाला विचारलं होतं की तुमच्यावर फिल्म करू का. तिथले साधू मौन पाळतात. ते म्हणाले, अजून नको. 'हो' कळवलं ते सोळा वर्षांनी. आणि तेव्हाही अटी होत्या: एकट्यानेच यायचं, वेगळे दिवे लावायचे नाहीत, वरून संगीत नाही, निवेदन नाही. तो सहा महिने त्यांच्यातच राहिला. 2005 मध्ये आलेली ती पावणेतीन तासांच्या आसपासची फिल्म, 'इन्टू ग्रेट सायलेन्स', मी एडिटिंग करत असताना पाहिली. त्यात मधूनमधून एकेक साधू नुसता कॅमेऱ्याकडे बघत बसतो. काही बोलत नाही. त्यांच्याकडून कुणी काही वदवून घेतलेलं नाही, आणि तरी त्यांच्या श्रद्धेबद्दल मला त्यातून जितकं कळलं तितकं मी कापलेल्या कुठल्याही मुलाखतीतून कळलं नव्हतं. तुमच्या फिल्मवाल्यांनी पुढच्या महिन्याची तारीख दिली असेल. दोन महिने मागा. खरंच तुम्ही हव्या असाल तर थांबतील.

मुलीला मात्र नाही म्हणा. यावर मी तुमच्यावर सोपवत नाही, स्पष्ट सांगते. 2006 मध्ये 'जीझस कॅम्प' नावाचा अमेरिकन माहितीपट आला. नॉर्थ डकोटामधलं एक धार्मिक शिबिर आणि त्यातली नऊ ते बारा वर्षांची काही मुलं. प्रार्थना करणारी, रडणारी, भाषण देणारी. त्याच दृश्यांत काही प्रेक्षकांना भक्ती दिसली, काहींना मुलांवर केलेली जबरदस्ती. फिल्मला ऑस्करचं नामांकन मिळालं. शिबिराच्या जागेची नासधूस झाली आणि चालवणाऱ्या बाईंनी शिबिर बंद करत असल्याचं जाहीर केलं. बाई मोठ्या होत्या, त्यांनी आपला निर्णय घेतला. ती मुलं आज तिशीच्या आसपास असतील, आणि त्यांचं ते रडणं अजून कुणीही शोधून बघू शकतं. तुमच्या मुलीने काय मानायचं ते अजून ठरलेलं नाही, ठरायलाही नको. तुम्ही सव्वीसच्या असूनही त्या कागदावर काय सही केली ते तुम्हाला कळलं नव्हतं. तिला 'कॅमेऱ्यासमोर येशील का' विचारलं तर ती आनंदाने हो म्हणेल, कुठलंही मूल म्हणेल. त्या 'हो'वर विसंबू नका. फिल्मवाल्यांना कारण द्यायची गरज नाही. "मुलगी येणार नाही" एवढं पुरे.

राहिले बाबा. मला वाटतं, या सगळ्यात तुम्हाला सगळ्यात जड तेच जातंय, आणि म्हणूनच पत्रात त्यांच्याबद्दल एकच वाक्य आहे. त्यांना ती क्लिप का आवडते? पंथाचा मोठेपणा दिसतो म्हणून असेलही. पण ज्या बापाने मुलीला खोकताना ऐकलं, त्याला 'खोकला थांबला' हे वाक्य पुन्हा पुन्हा ऐकावंसं वाटणारच. तुमचा व्हिडिओ बाहेर टाकायच्या आधी त्यांना दाखवा, घरात दुसरं कुणी नसताना. त्या मुलाचं सांगा. गोळ्यांची वेळ तेव्हा कोण सांभाळायचं, तेही त्यांना विचारा. बहुतेक घरांत ते काम कुणीतरी न बोलता करत असतं, आणि फिल्ममध्ये त्या माणसाचाही उल्लेख आलेला नाही. ते बाबाच असतील तर ते वाक्य व्हिडिओत घाला आणि तो पुन्हा रेकॉर्ड करा. मग त्यांच्याच फोनमध्ये, जुन्या क्लिपच्या शेजारी, तो तुम्ही सेव्ह करून द्या.